कुंभक आणि कटर

“…पण मला मास्क कशाला, मिस्त्री?”

चिदंबरने हे विचारले तेव्हा मास्क त्याच्या हातातच होता. दुसऱ्या हातात हुसेन मिस्त्रीने टोकदार सुरी दिली होती.

“बोर्ड अंगणात न्या. पाणी मारा. सुरीनं ओरखडा पाडून मोडा. मशीन आत लावू नका, महाराज. ही धूळ लई बारीक. छातीत बसली की उठत नाही.”

“मी कुंभक करतो. श्वासच घेतला नाही, तर धूळ जाणार कुठून?”

मिस्त्रीने मोजपट्टी खिशात घातली.

“करा कुंभक,” तो म्हणाला, “अन् मास्क बी लावा.”

आणि फरश्या आणायला गेला.

मठाचे न्हाणीघर नव्याने होत होते. जुन्या निसरड्या फरशीवर भानुबुवा घसरले होते. आता भिंतींना सिमेंटचे बोर्ड आणि त्यांवर फरशी बसवायची होती. बुवांची छाती दुखणेकरी. डॉक्टरांनी उदबत्तीचा धूरसुद्धा वर्ज्य केला होता. त्यामुळे मठात देव बिनवासाचे होते आणि भक्त कुरकुरत होते.

चिदंबर बुवांचा पट्टशिष्य. श्वास रोखण्यात मठात पहिला. या विद्येत दुसरा कोणी उतरलेला नव्हता, हे तो सहसा सांगत नसे.

त्याने मास्क खुंटीला अडकवला. सुरी कोपऱ्यात ठेवली. ओरखडे काढत बसणे त्याला पट्टशिष्याचे काम वाटले नाही. बुवांना त्रास नको म्हणून न्हाणीघराचे दार आतून घट्ट लावले. मग छाती भरून घेतली, ओठ मिटले आणि कटर मशीन सुरू केले.

मशीन किंचाळले. बोर्डातून पिठासारखी पांढरी धूळ उसळली. काचेच्या झरोक्यातून येणारे ऊन धुळीने भरून जाड दिसू लागले.

काप पुरा झाला. चिदंबरने मशीन बंद केले. श्वास अजून पुष्कळ शिल्लक होता. विजयी मुद्रेने त्याने कडी काढली.

दारात भानुबुवा उभे होते.

ते आत आले. दार लावले. कडी घातली. आणि दाराला पाठ लावून उभे राहिले.

त्यांचेही ओठ मिटलेले होते.

चिदंबरने हाताने खूण केली… बाहेर चला.

बुवा हलले नाहीत.

त्याने छातीवर हात ठेवून दाखवला… तुमची छाती, बुवा.

बुवांनी मान डोलावली. जणू कोणी हवापाण्याची चौकशी केली होती.

धूळ खाली बसेना. बुवांच्या पांढऱ्या दाढीवर आणखी पांढरे साचले. बुवांना शब्दाने विनवावे, तर त्यासाठी श्वास सोडावा लागणार. सोडला की घ्यावा लागणार. हे गणित चिदंबर आयुष्यात प्रथमच मांडत होता.

त्याने हात जोडले.

बुवांनी खुंटीवरच्या मास्ककडे पाहिले. मग पुन्हा त्याच्याकडे.

बुवांच्या गळ्याची शीर उडू लागली. ओठांचा रंग उतरला. छातीला आतल्या आत एक आचका बसला… आणखी एक बसला, तर तोंड उघडणार होते. ते तोंड उघडले की काय आत जाणार, हे चिदंबरला झरोक्याच्या उन्हात स्पष्ट दिसत होते.

“बुवा, दार!” तो ओरडला.

आणि लगेच, ओरडणाऱ्या कोणत्याही माणसाप्रमाणे, त्याने श्वास घेतला.

बुवांनी कडी काढली.

अंगणात चिदंबर विहिरीच्या काठाला धरून खोकत होता. डोळ्यांतून पाणी येत होते. बुवा तुळशीपाशी बसून सावकाश श्वास सोडत होते.

मग बुवांनी विहिरीचे पाणी काढले. त्याला चूळ भरायला लावली. स्वतः तोंड धुतले.

“आत आता कोणी जायचं नाही,” ते म्हणाले.

ओसरीवर टेकवलेला दुसरा बोर्ड दोघांनी अंगणात आणला आणि भिजवला. इतक्यात मिस्त्री फरश्या घेऊन आला. त्याने चिदंबरचे धुळीने पांढरे झालेले केस पाहिले, न्हाणीघराचे दार पाहिले, आणि काही न विचारता पिशवीतून नवा मास्क काढून बुवांना दिला.

“सुरी पण आहे दुसरी,” तो म्हणाला. “मला माहीत होतं.”

बुवांनी मास्कच्या पट्ट्या शिष्याच्या कानामागून, डोक्यामागून स्वतःच्या हाताने ओढून बसवल्या. लहान मुलाला टोपरे घालावे तशा.

चिदंबरने बोर्डावर लोखंडी पट्टी धरून सुरी फिरवली. पुन्हा फिरवली. ओरखडा खोल झाल्यावर गुडघा टेकवून बोर्ड मोडला. सरळ तुटला. धूळ म्हणावी अशी उडाली नाही.

पण काही माणसांचा पराभवसुद्धा एका खेपेत होत नाही.

“बुवा,” मास्कच्या आतून तो म्हणाला, “माझा श्वास अजून उरला होता. तुमच्यासाठी ओरडलो. एरवी धूळ खाली बसेपर्यंत मी थांबलो असतो.”

बुवांनी न्हाणीघराच्या दाराकडे पाहिले. फटीतून उन्हाची एक रेघ आत गेली होती. तिच्यात धूळ अजून तरंगत होती, सावकाश, बिनघाईची.

“तीही थांबली असती,” बुवा म्हणाले. “आणि तिला श्वास घ्यावा लागत नाही.”