रिकाम्या चौकटीतलं नाव

“मग अक्षरं कोणत्या रंगाची ठेवायला हवी होती, सर?”

चिन्मय विचारत होता खरा, पण त्याला उत्तर नको होतं. ‘तुझी चूक नाही’ एवढंच ऐकायचं होतं.

विद्वांससर पडवीतल्या बाकावर बसले होते. दवाखान्यांच्या कॉम्प्युटरवरचे प्रोग्रॅम बनवण्यात त्यांची हयात गेलेली. चिन्मय त्यांचा सगळ्यात हुशार विद्यार्थी. हुशारी मिरवायची खोड मात्र फार.

“मुळात कोणत्या रंगाची होती?” सरांनी विचारलं.

“फिकट करडी. रिकाम्या चौकटीत काय भरायचं त्याचा नमुना दिसतो ना, त्याची. टाइप करायला लागलं की नमुना जातो आणि खरी अक्षरं काळी उमटतात.”

“आणि तू काय केलंस?”

“नमुनाही काळा केला. त्या फिकट अक्षरांनी स्क्रीन आजारी दिसत होती. आमच्या कंपनीच्या साहेबांना बदल फार आवडला.”

“पुढे?”

“डोसच्या चौकटीत नमुना होता, पाच. डॉक्टरांनी ती चौकट रिकामी सोडली होती. एका लहान मुलीचं वजन करून मग भरणार होते. सिस्टरना वाटलं, त्यांनीच पाच लिहिलंय.”

“मुलगी?”

“गेली, सर...”



चिन्मयला राहवलं नाही. “पण सिस्टरनं एकदा विचारायला नको? एवढ्याशा पोरीला कुणी पाच देतं का? आणि डॉक्टरनं चौकट रिकामी सोडून जावंच का? चौकशीत माझं नावसुद्धा निघालं नाही. उद्या हाच प्रोग्रॅम आणखी दवाखान्यांत बसवायचाय. तुम्ही एकदा ठीक आहे म्हणालात, की मला झोप लागेल.”

खापर फोडायला माणसाला डोकी कमी पडत नाहीत. आपलं तेवढं सोडून.

सरांनी त्याचा लॅपटॉप मागून घेतला. प्रोग्रॅममधला पेशंटच्या नोंदीचा फॉर्म उघडला आणि लॅपटॉप पुन्हा त्याच्यापुढे सरकवला.

“त्या मुलीचं नाव काय?”

चिन्मयनं स्क्रीनकडे पाहिलं. नावाच्या चौकटीत काळ्याभोर अक्षरांत नाव होतं. त्यानं वाचलं, “मृण्मयी दाभाडे.”

सरांनी त्याचं बोट धरून पुसायच्या बटणावर ठेवलं.

“पूस.”

त्यानं बटण दाबलं. नाव गेलं नाही.

पुन्हा दाबलं...

मग त्याच्या लक्षात आलं. चौकट रिकामीच होती. ते नमुन्याचं नाव होतं. कित्येक महिन्यांपूर्वी त्यानंच, मनात आलं ते टाकलेलं.

इतक्या दिवसांत पहिल्यांदाच त्याला स्वतःची भीती वाटली.

“मला तिचं नाव माहीतच नाही, सर...”

त्यानं लॅपटॉप जवळ ओढला.

“उद्याचं काम थांबवतो,” तो घाईघाईनं म्हणाला. “सगळे नमुने बदलतो. आत्ताच, इथंच बसून बदलतो. फक्त रंग सांगा. कोणता देऊ?”

सरांनी लॅपटॉप मिटला.

“आधी तिच्या आईला नाव विचारून ये.”