हंडेवाल्या बायांना सांगा

गरजवंताला अक्कल नसते म्हणतात. पण बोरखोरीच्या तान्हाबाईला ती ऐन वेळी सुचली.

गावाच्या नळयोजनेच्या विहिरीसाठी सरकारनं तिचं एकुलतं एक रान घ्यायचं ठरवलं. मोबदला मात्र कोरडवाहू जमिनीचा! चावडीत सुनावणी लागली तेव्हा तान्हाबाईनं बागायतीचा भाव मागितला. एवढ्याशा पैशात दुसरं रान कुठं मिळणार? बाहेर रिकामे हंडे घेऊन बसलेल्या बाया तिच्यावरच डोळे लावून होत्या. ‘हिनं आडकाठी केली, तर विहीर हातची जाईल,’ ही कुजबुज तिला आत ऐकू येत होती.

प्रांतसाहेब गुरकावले, “बाई, तुमच्या रानात पाण्याचा टिपूस नाही. बागायतीचा भाव कसला मागता? उठवा अंगठा!”

पदर सावरून तान्हाबाई म्हणाली, “उठवते की साहेब. तुमचाच भाव मान्य. फक्त आत्ता बोललात तेच दारात उभं राहून या बायांना मोठ्यानं सांगा. म्हणावं, तान्हीच्या रानात पाण्याचा टिपूस नाही.”

“पाणीच नाही, तर विहीर कसली खणताय?” बाहेरून कुणीतरी कडाडलं.

साहेब दारापर्यंत गेले. बाया हंडे घेऊन उठून उभ्या राहिल्या होत्या. साहेबांनी घसा खाकरला, रुमालानं कपाळ पुसलं आणि ते परत खुर्चीत येऊन बसले.

“तलाठी,” ते हळूच म्हणाले, “बागायत लिहा.”