दारातला चिंचोका

डोंगराच्या एका उतारावर, करवंदीच्या जाळीमागे, एक साळिंदर राहत असे. अंगाने गलेलठ्ठ, स्वभावाने चिक्कू, आणि राग आला की ते पाठीवरचे काटे असे खडखडवी की ऐकणाऱ्याने पळच काढावा. कंद साठवायला त्याला एक खोल बीळ हवे होते. स्वतः खणायचा कंटाळा, म्हणून त्याने उंदरांना कामावर ठेवले. दिवसभर खणायचे आणि संध्याकाळी एक कंद घरी न्यायचा, असे ठरले.

बालमित्रांनो, खणणाऱ्या उंदरांची एक जुनी रीत होती. आत जाताना प्रत्येकाने आपल्या दातांची खूण केलेला चिंचोका बिळाच्या तोंडाशी ठेवायचा आणि बाहेर आल्यावर तो उचलायचा. चिंचोका दारात असताना माती कोसळली, तर मालकाने सगळ्यांना हाताशी घेऊन आधी आतल्याला उकरून काढायचे. तो दगावलाच, तर त्याची पिल्ले मोठी होईपर्यंत त्यांना मालकाने खाऊ घालायचे. कामाच्या पहिल्या दिवशी साळिंदराने मान डोलावून ही रीत कबूल केली होती. मान डोलवायला काय लागते!

एके दिवशी दुपारी सगळे उंदीर झाडाखाली विसाव्याला बसले होते. एक उंदीर मात्र साळिंदराकडे आला. तो म्हणाला, "मालक, छतातून बारीक माती गळते आहे. काटक्यांचे टेकू लावल्याशिवाय आत जायला नको."

"टेकू लावत बसलो तर बीळ कधी व्हायचं?" साळिंदर गुरगुरले. "संध्याकाळचा कंद हवा असेल तर मुकाट्याने आत जा." आणि त्याने काटे खडखडवले.

घरी चार पिल्ले होती, अजून डोळेही न उघडलेली. उंदराने दारात चिंचोका ठेवला, एकदा मागे वळून उजेडाकडे पाहिले आणि तो आत गेला. थोड्याच वेळात धप्प असा आवाज झाला आणि बिळातून धुळीचा लोट बाहेर आला. साळिंदर हादरले. आता बीळ उकरा, काम थांबवा, वर चार पिल्लांना पोसा! त्याने इकडेतिकडे पाहिले आणि दारातला चिंचोका पायाने मातीत दाबून टाकला.

उंदीर धावत आले तेव्हा साळिंदर शांतपणे म्हणाले, "घाबरू नका, आत कोणी नाही. बघा, चिंचोका आहे का दारात?" चिंचोका नव्हता. एका म्हाताऱ्या उंदराला मातीखालून खरवडल्यासारखा आवाज आला. त्याने तोंड उघडले, पण तेवढ्यात काटे खडखडले आणि त्याने ते मिटले. सगळे गप्प घरी गेले. त्यांची मला चीड येते आणि कीवही येते.

दुसऱ्या दिवशी त्या उंदराची बायको रडत आली. "मालक, हे कामावरच आले होते. परत आलेच नाहीत. आता पिल्लांच्या पोटाचं तुम्हीच बघायला हवं."

"चिंचोका दाखव," साळिंदर म्हणाले. "नाही ना? मग तो माझ्या कामावर नव्हता. घुबडाने नेला असेल. आणि ऐका रे सगळे, आजपासून चिंचोके बंद! मागाहून कटकट नको."

उंदरीण काय करणार? पिल्ले उपाशी होती. नवऱ्याच्या जागी तीच कामावर आली. कोसळलेला भाग तसाच सोडून साळिंदराने बाजूने नवे बीळ खणायला लावले होते. आत मिट्ट काळोख. पाठीवर मातीचा कण पडला तरी ती खणायची थांबे. आपण इथे गाडले गेलो तर कुणाला कळेल का, हा एकच विचार तिच्या डोक्यात फिरत राही. रोज बाहेर आल्यावर ती आधी पोटभर श्वास घेई.

महिन्याभराने बीळ तयार झाले. उंदीर जेवायला गेलेले पाहून साळिंदर एकटेच आत शिरले, कंद कुठे रचायचे ते पाहायला. टेकू याही बिळाला नव्हते. त्याच्या काट्यांनी छत खरवडले आणि माती धाडकन खाली आली.

उंदीर गोळा झाले. सगळे एकमेकांना दिसत होते, म्हणून सुटल्यासारखे वाटून ते परत निघाले. चिंचोके तर बंदच होते. आपले सगळे बाहेर, मग आत कोण असणार? इतक्यात म्हाताऱ्या उंदराचे पाय थबकले. तो म्हणाला, "खरवडल्याचा आवाज येतोय. त्या दिवशीही असाच आला होता. मी भ्यालो आणि बोललो नाही."

उंदरीण धावत गेली आणि मातीला तोंड लावून ओरडली, "आत कोण आहे?"

"मी! तुझा मालक! श्वास कोंडतोय, लवकर काढा!"

"पण दारात चिंचोका नाही," उंदरीण म्हणाली.

काळोखातून रडका आवाज आला, "चिंचोका होता गं! तुझ्या नवऱ्याचा. मीच तो मातीत दाबला. तो आतून हाका मारत होता. मी ऐकल्या."

उंदरीण मटकन खाली बसली. उंदीर म्हणू लागले, "राहू दे त्याला तिथेच!" पण ती उठली. तिने जुन्या बिळाच्या दाराजवळची माती उकरली, तेव्हा नवऱ्याच्या दातांची खूण असलेला चिंचोका तिच्या हाती लागला. तो तिने नव्या बिळाच्या तोंडाशी ठेवला आणि ती म्हणाली, "आत गेलेल्याला बाहेर काढायचं, ही आपली रीत आहे. ती त्याने मोडली, मी मोडणार नाही."

संध्याकाळपर्यंत उकरून त्यांनी साळिंदराला बाहेर काढले. त्याचा मागचा पाय कायमचा गेला होता. मग उंदरांनी कोसळलेला जुना भागही उकरला; उंदरिणीचा नवरा तिथे मरून पडला होता. पिल्ले मोठी होईपर्यंत साळिंदर रोज लंगडत उंदरिणीच्या दारी कंद आणून ठेवी. पुढच्या प्रत्येक बिळाला त्याने टेकू लावले आणि चिंचोकेही परत सुरू झाले.

उंदरीण कंद घेई. पण बिळाच्या दारातला तो एक चिंचोका तिने कधीच उचलला नाही, कारण तो ज्याने उचलायचा तो जिवंत बाहेर आलाच नव्हता.

तात्पर्य : आपल्या कामासाठी जो जीव धोक्यात घालतो, त्याच्या जिवाची आणि त्याच्यामागे उरलेल्यांच्या पोटाची जबाबदारी आपलीच असते, खूण पुसली म्हणून ती पुसली जात नाही.