हिमालयाचा पाहुणा

घाटमाथ्यावर सडेगाव म्हणून गाव आहे. तिथं गेनू नावाचा एक भोळा राहायचा. भोळा म्हणजे किती भोळा? सांगितलं तेवढं करायचा, आणि सांगितलं तसंच करायचा. आता एवढ्या गुणाला लोक मूर्खपणा म्हणतात, याला मी काय करू?

त्याच गावात खाशाबा सुभेदार राहायचे. पलटणीतून परत येताना त्यांनी हिमालयातलं एक झाड आणलं होतं. झाड कसलं, हिरवी उशीच. मुठीएवढी, जमिनीला चिकटलेली. बुड फुटलेल्या एका दगडी उखळात त्यांनी ती लावली होती. आपल्याकडं हे झाड जगत नाही. पण सुभेदारांना तसं सांगायला कुणी धजलं नाही आणि झाडाला ते ठाऊक नव्हतं, म्हणून ते जगलं. यंदा पहिल्यांदाच त्यावर एक कळी धरली होती.

नेमकी तेव्हाच सुभेदारांच्या डोळ्यात मोतीबिंदू पिकला. ऑपरेशनला साताऱ्याला जायचं, तर झाड कोण बघणार? त्यांनी गेनूला बोलावलं. सुभेदारांची एक भाची होती, वच्छी. गेनूचा तिच्यावर जीव होता आणि तिलाही तो आवडायचा. सुभेदार म्हणाले, "गेनबा, झाड सांभाळ. फूल मला नव्या डोळ्यानं दिसलं, की वच्छी तुझी."

"बरं," गेनू म्हणाला.

गेनूनं आयुष्यभर वांगी लावली होती. त्यानं उखळात पाटीभर शेणखत रिचवलं आणि वर घागरभर पाणी ओतलं. सुभेदार अजून गावातच होते, म्हणून बरं. त्यांनी सगळं उपसून काढलं आणि बजावलं, की हे डोंगरकपारीतलं लेकरू आहे. ह्याच्या पायाशी ओल नको, खाली खडे घाल. ह्याला खायला घालू नको, उपाशीच चांगलं वाढतं.

"बरं," गेनू म्हणाला.

दुसऱ्या दिवशी गेनूची म्हैस व्याली. गेनूनं गोठ्यातला पेंढा काढून फेकला. ओढ्यातले खडे आणून तिच्या पायाखाली पसरले. वैरण बंद केली. सांजेला त्याची आई धार काढायला बसली, तर म्हशीनं लाथ मारून तिला तांब्यासकट अंगणात पाठवलं. आईनं बसल्याजागीच त्याचा उद्धार केला. ओल्या बाळंतिणीला खाली मऊ पेंढा घालावा, अंगावर पोतं टाकावं, गरम पाण्यानं शेकावं, एवढं कळत नाही का तुला?

"बरं," गेनू म्हणाला.

त्या रात्री कडाक्याची थंडी पडली. गेनू उठला आणि सुभेदारांच्या अंगणात गेला. झाडाखाली पेंढा घातला, वरून पोतं टाकलं, गरम पाण्याचा शेक दिला. सकाळी कळीनं मान टाकली होती. सुभेदारांनी कपाळ बडवून घेतलं. म्हणाले, बाबा, हे बर्फातलं झाड. ह्याला ऊब सोसत नाही. ह्याला उघड्यावर, वाऱ्यात ठेव. पाऊस आला तर डोक्यावर तेवढी काच धर. आणि एस.टी.त चढता चढता म्हणाले, "पाहुणा आहे तो आपल्या गावचा. ध्यानात ठेव."

"बरं," गेनू म्हणाला.

कळीनं मान वर काढली. मधे वच्छीची आई, चंपाआक्का, मुलगा बघायला म्हणून गेनूच्या घरी आली. गेनूची आई उसनी साखर आणायला गेली होती. घरात गेनू एकटाच. चुकायचं नाही, असं त्यानं मनाशी पक्कं केलं. त्यानं चंपाआक्काच्या अंगावरची शाल काढून घेतली. तिला अंगणात, वाऱ्याच्या तोंडाशी, खड्यांच्या ढिगावर बसवलं. चहा दिला नाही, पाणी दिलं नाही. आणि शिंतोडे पडायला लागले, तसा खिडकीचं काचेचं तावदानच काढून आणलं आणि तिच्या डोक्यावर धरून उभा राहिला.

चंपाआक्काचे दात आधी थंडीनं कडकडले. मग ती बोलली, ते तीन आळ्यांना ऐकू गेलं.

"मुडद्या, पाहुण्याला असं वागवत्यात? पाहुण्याचे पाय धुवावेत. गोडधोड द्यावं. हळदीकुंकू लावून ओटी भरावी. आणि वेशीपर्यंत जाऊन गाडीत बसवून द्यावं, खिडकीची जागा बघून."

"बरं," गेनू म्हणाला.

चंपाआक्का शिंकत घरी गेली आणि लेकीला म्हणाली, ह्या येड्याला मी मुलगी देणार नाही. वच्छी म्हणाली, "आये, शहाणे आपल्या गावात कमी आहेत काय? आणि त्यातला एक तरी सांगितल्यासारखा वागतो का?" चंपाआक्काला आपला नवरा आठवला. शेवटी ठरलं, की सुभेदार म्हणतील तसं.

सुभेदार परत यायच्या दिवशी सकाळी फूल उमललं. निळंशार, नखाएवढं. गेनू त्याच्यासमोर बसून बघत राहिला आणि एकदम त्याला आठवलं. पाहुणा आहे, असं सुभेदार सांगून गेले होते. आणि आपण त्याचं पाहुण्यासारखं काहीएक केलं नाही.

त्यानं झाडाच्या पायाशी चमचाभर पाणी सोडलं. गुळाचा खडा ठेवला. हळदीकुंकू वाहिलं. तांदूळ आणि नारळ घालून ओटी भरली. उखळ डोक्यावर घेतलं आणि एस.टी. थांब्यावर गेला. गाडी नुकतीच येऊन वळून उभी होती. गेनूनं उखळ खिडकीशी बसवलं.

कंडक्टरनं विचारलं, कुठलं तिकीट?

"हिमालय."

कंडक्टर म्हणाला, मशीनमध्ये हिमालय नाही, साताऱ्यापर्यंत देतो.

"द्या," गेनू म्हणाला. "पुढं ते विचारत जाईल."

त्याच गाडीनं सुभेदार आले होते. काळा चष्मा लावून ते टपरीवर चहा पीत उभे होते. शेजारी चंपाआक्का आणि वच्छी त्यांना न्यायला आलेल्या. गाडी समोरून गेली. खिडकीत उखळ, उखळात निळं फूल. सुभेदार हरखले. "बघ आक्का, कुणीतरी शौकीन दिसतोय. हुबेहूब आपल्यासारखं झाड." आणि त्यांनी त्या फुलाला हात हलवून निरोप दिला.

तेवढ्यात गेनू आला. त्यानं विचारलं, "फूल दिसलं का?"

"दिसलं की."

"नव्या डोळ्यानं?"

"नव्या डोळ्यानं."

मग गेनूनं सगळं सांगितलं. सुभेदारांचा चहा सांडला. ते गाडीमागं धावले, पण एस.टी. काय कुणासाठी थांबते? परत येऊन त्यांनी काठी उगारली. वच्छी मधे उभी राहिली.

"मामा, फूल बघितलंत. हातसुद्धा हलवलात. आता शब्द पाळा."

पलटणीतला माणूस. शब्द पाळावा लागला.

लग्न सुभेदारांच्याच दारात झालं. गेनूनं एकही चूक केली नाही. जेवणं झाली. बायकांनी वच्छीचे पाय धुतले, तोंडात साखर घातली, हळदीकुंकू लावलं, ओटी भरली. चंपाआक्का रडायला लागली. गेनू हे सगळं बघत होता. आता पुढचं काय, ते त्याला चांगलं ठाऊक होतं. तो वच्छीला घेऊन वेशीकडं निघाला. वच्छीला वाटलं, नवरा जोडीनं देवाला नेतोय. ती गाडीत बसली.

इकडं गेनूची आई उंबऱ्यावर तांदळाचं माप ठेवून सुनेची वाट बघत होती. बघते तर मुंडावळ्या बांधलेला गेनू एकटाच येतोय.

"सून कुठं रं?"

"बसवून आलो गाडीत," गेनू म्हणाला. "खिडकीची जागा मिळाली. झाड बिचारं एकटंच गेलं होतं, आता त्याला सोबत झाली."