नागोजीची ऊनगार

“कुणासाठी एवढं ऊन साठवलंस?” येसाक्कानं विचारलं.

नागोजीनं हातातल्या दगडावरचं फडकं बाजूला केलं. भुयाराचं तोंड लख्ख उजळलं. बाहेर टळटळीत दुपार होती, तीही त्या दगडापुढं फिकी वाटली.

“कळसासाठी,” तो म्हणाला. “देवळाच्या शिखरावर बसवणार आहे. नऊ वर्षं रोज उन्हात ठेवलीय. साऱ्या मुलखात अशी दुसरी ऊनगार नाही, आक्का.”

“नाही खरी.”

काळधारच्या डोंगरात सापडणारा हा दगड. दिसायला साध्या गारगोटीसारखा, पण दिवसा ऊन पितो आणि अंधारात ते परत देतो. तिथली माणसं त्याचे खडे विहिरीच्या तळाशी सोडत, म्हणजे पाणी किती उरलंय ते वरून कळे. सुइणी तो मनगटाला बांधत, धनगर शेळीच्या गळ्यात अडकवत. त्याला पैलू पाडण्यात नागोजीचा हात धरणारा कुणी नव्हता. ती विद्या त्याला येसाक्कानंच शिकवली होती. हल्ली ते त्याच्या फारसं ध्यानात नसे.

आज काम निराळं होतं. डोंगरापलीकडच्या पैलखोऱ्यात दरड कोसळून नदी अडली होती. पाणी तुंबत चाललं होतं, आणि घाटाची वाट दरडीखाली गेली होती. अडकलेल्या चाळीस माणसांना बाहेर काढायला एकच रस्ता उरला होता, डोंगराच्या पोटातलं हे जुनं भुयार. येसाक्कानं ते तरुणपणी दोनदा ओलांडलं होतं. आता तिला काठीशिवाय चालवत नव्हतं.

“वाट आठवते?” नागोजीनं विचारलं.

“नाही.”

“मग?”

“चल तर.”

पहिला टप्पा सरळ होता. नागोजी दगड उंच धरून झपाझप पुढं निघाला. मग भुयाराला तीन तोंडं फुटली.

त्यानं प्रत्येक तोंडात उजेड टाकून पाहिला. तोच ओला खडक, तोच गारवा. तो मधल्या तोंडात शिरला. पन्नासेक पावलांवर पायाखालची जमीनच संपली. एक दगड घरंगळत खाली गेला आणि बऱ्याच वेळानं पाण्यात पडल्याचा आवाज आला.

तो परत आला तेव्हा घामानं भिजला होता.

“पाणी चढत असेल, आक्का.”

“झाक तो दगड.”

“आहे तेवढा उजेडही झाकू?”

येसाक्का पुढं झाली, त्याच्या हातातल्या दगडावर आपला पदर टाकला आणि दोन्ही हातांनी गच्च आवळला.

अंधार.

“काय दिसतं?”

“काही नाही.”

“थांब.”

“आक्का, तिकडं माणसं…”

“थांब.”

छतावरून पाणी ठिबकत होतं. नागोजीला स्वतःचा श्वास ऐकू येऊ लागला…

मग उजवीकडच्या तोंडात, गुडघ्याएवढ्या उंचीवर, एक ठिपका दिसला. ज्वारीच्या दाण्याएवढा. त्याच्यापुढं दुसरा. मग तिसरा. दाण्यांची माळ वळत वळत आत गेली होती.

“कुणी लावलेत हे?”

“जुन्या वाटाड्यांनी. ऊनगारेचा चुरा भिंतीत ठोकून बसवलाय.”

“आणि इतकी वर्षं जळतायत?”

“नाही. आत्ता पेटले. तुझ्या दगडानं.”

“मग मला कसे दिसले नाहीत?”

येसाक्का काठी टेकत उजव्या तोंडात शिरली.

दगड मधूनमधून उघडत, पुन्हा झाकत थोडं चालून गेल्यावर नागोजीनं मागं वळून पाहिलं. ओलांडलेले दाणे एकेक करून विझत होते. तो थांबला. चाळीस माणसं एका ओळीत येणार. म्हाताऱ्या, लेकुरवाळ्या, आजारी. दगड पुढं त्याच्या हातात असणार, आणि या वळणावळणांच्या भुयारात मागच्यांच्या वाट्याला नुसता अंधार.

“आक्का, दगड दाण्याला टेकवून धरला तर?”

“जास्त टिकेल.”

“किती?”

“जितकं देशील तितकं.”

नागोजी उभाच राहिला. नऊ वर्षं. तापानं फणफणलेला असतानाही तो घराच्या धाब्यावर चढायचा आणि दगडाची कूस बदलायचा. येसाक्का काठीवर हनुवटी ठेवून वाट पाहत होती. घाई कर म्हणाली नाही, राहू दे म्हणाली नाही.

तो आल्या पावली तीन तोंडांपाशी गेला आणि पहिल्या दाण्यापुढं गुडघे टेकले. दगड भिंतीला लावला. वीस आकडे मोजले. मग पुढचा दाणा. पुन्हा वीस.

दोनशे अकरा दाणे होते. गुडघे सोलवटले. दगड पांढऱ्याचा हळदीसारखा पिवळा झाला, मग तांब्यासारखा, मग राखेसारखा. शेवटच्या दहा-बारा दाण्यांच्या वेळी त्यात काही उरलंय की नाही हेही कळत नव्हतं. तरी त्यानं एकही दाणा वगळला नाही. एकही आकडा कमी मोजला नाही.

पलीकडं बाहेर पडल्यावर उन्हानं त्याचे डोळे दिपले. उतारावर माणसं गाठोडी घेऊन बसली होती. खाली, सगळ्यात सखल घरांची छपरं तेवढी पाण्यावर दिसत होती.

पैलखोऱ्याचा म्हातारा पाटील उठून पुढं आला.

“उजेड कुठाय? तुझ्या दगडाचं लई ऐकून होतो आम्ही.”

नागोजीनं तळहात उघडून दाखवला. एरवी त्या दगडाबद्दल बोलायला लागला की तो थांबत नसे.

“संपला,” तो म्हणाला.

माणसांत कुजबुज झाली. एका बाईनं लेकरू छातीशी ओढलं. भुयाराच्या काळ्या तोंडाकडं पाऊल टाकायला कुणी तयार होईना. नागोजीनं वळून आत पाहिलं. इतके दाणे भरले होते, पण आत मिट्ट काळोख होता.

तो येसाक्काजवळ आला. ती एका धोंड्यावर बसून गुडघे चोळत होती.

“आक्का,” तो हळूच म्हणाला, “मलाच आत काही दिसत नाही. यांना नेऊ कसा?”

येसाक्कानं त्या माणसांकडं पाहिलं. मग त्याच्याकडं.

“आधी सगळ्यांना डोळे मिटायला सांग.”