अळ्यांचं गाणं

पाखरं अजून आपापली गाणी रचत होती, त्या काळची ही गोष्ट. एका रानात दयाळ पक्षी रोज पहाटे उंबरावर बसून सूर्याला आळवायचा, "ये रे तेजाच्या राजा, उजळ दाही दिशा!" सगळं रान मान खाली घालून ऐकायचं.

संध्याकाळी त्याच फांदीवर, त्याच चालीत, लांब शेपटीचा नकलाकार भृंगराज गायचा, "या गं अळ्यांनो ताज्या, पडा चोचीत अशा!" पिल्लं हसून हसून लोळायची. दयाळाच्या अंगाचा मात्र तिळपापड व्हायचा. "आता एक तर हा राहील, नाहीतर मी!" तो कडाडला. पंचांनी भृंगराजाला दरीपलीकडे हाकललं.

हिवाळ्यात दयाळाचा गळा नेहमीसारखा मिटला. वसंतात उघडला, तर अर्ध्यावर चालच आठवेना. त्यानं सगळ्यांना विचारलं. पण मान खाली घालून ऐकलेलं गाणं स्वतः कुणी कधी गायलंच नव्हतं.

शेवटी मनाचा हिय्या करून दयाळ दरीपलीकडे गेला. तिथली पिल्लं अळ्यांचं गाणं म्हणत होती, एकही हरकत न चुकता.

"माझी चाल तू इतकी जपलीस?" त्यानं भृंगराजाला विचारलं.

"मग काय दादा! चाल चुकली तर हसणार कोण?"

दयाळ त्याला घेऊनच परतला. पुढं त्यानं पावसाचं नवं गाणं रचलं. रानानं वाहवा केली, पण संध्याकाळी भृंगराज गप्पच. दयाळाला चैन पडेना.

"का रे, गाणं फसलं का माझं?"

"छे हो दादा," भृंगराज म्हणाला, "अजून पाठ करतोय."