मेंढपाळाची कातर आणि काळ्याचा पंजा

फार जुनी गोष्ट, लांडगे गावाच्या वेशीपर्यंत यायचे तेव्हाची. एका माळावर एक मेंढपाळ आणि त्याची बायको राहत. त्यांच्या कळपाचा राखणदार म्हणजे काळ्या नावाचा थोराड कुत्रा. काळ्या जागा असला की लांडगा तिकडे फिरकत नसे.

पण एका साली काळ्या लंगडू लागला. त्याच्या पुढच्या पायाचं अंगठ्याचं नख, जे जमिनीला कधी घासतच नाही, ते वाढून वळलं आणि मांसात रुतू लागलं. लांडग्याला काय, तेच हवं होतं. तो रोज संध्याकाळी टेकडीवर येऊन बसू लागला. मेंढपाळाचा जीव थाऱ्यावर राहीना. बसवेना, उठवेना, घास गोड लागेना.

"एवढंसं तर नख! आत्ता उडवतो," म्हणत तो कातर घेऊन उठला. आता हा गडी जन्मभर लोकर कातरत आलेला. मेंढी उताणी केली की मुकाट पडून राहते. यानं काळ्यालाही तसंच उताणं पाडलं आणि वर गुडघा रोवला! अहो, कुत्रा म्हणजे काय मेंढी आहे? काळ्यानं धन्याच्या मनगटाला दात लावले, हिसडा मारला आणि ओढ्यापलीकडे धूम ठोकली.

त्याच संध्याकाळी लांडग्यानं एक दुभती मेंढी नेली. तिचं कोकरू आईला हाका मारत कळपभर फिरत राहिलं. मेंढपाळाला ते ऐकवेना.

बायकोनं चुचकारून काळ्याला परत आणलं. ती त्याच्या पंजाला नुसता हात लावी आणि भाकरीचा तुकडा देई. मग कातर हुंगायला देई, पुन्हा तुकडा. मग कातर लांबूनच वाजवी, पुन्हा तुकडा. काळ्यानं पाय ओढला की लगेच सोडून देई.

"अगं, लांडगा दारात आलाय आणि तुझे लाड कसले चाललेत?" मेंढपाळ येरझारा घालत ओरडला.

"तुम्हाला चैन पडत नाही ना? मग जाळ पेटवा आणि काठी घेऊन कळपाभोवती फिरा," ती म्हणाली. "आणि नख शेवटी तुम्हीच कापायचंय. तो भितो ते तुम्हाला."

तो कितीतरी दिवस पहारा देत फिरला आणि मध्ये मध्ये काळ्याशेजारी बसून तुकडे देऊ लागला. एका संध्याकाळी त्यानं पंजा हातात घेतला, कातर नखाला टेकवली. तेवढ्यात टेकडीवरून लांडग्याची आरोळी आली. काळ्यानं पाय मागे ओढला. मेंढपाळाची बोटं घट्ट धरायला शिवशिवली. पण त्यानं दात आवळले आणि पंजा सोडला.

काळ्या त्याच्याकडे बघत राहिला. मग पुढे आला आणि आपणहून पंजा धन्याच्या गुडघ्यावर ठेवला. कट्! नखाचं टोक खाली पडलं.

जखम भरल्यावर काळ्या टेकडीकडे असा झेपावला, की लांडग्यानं तो माळच सोडला. आई गेलेलं ते कोकरू मात्र तेव्हापासून काळ्याच्या पोटाशी झोपू लागलं. ते दिसलं की मेंढपाळ मान खाली घालून म्हणे, "माझ्या घाईनं तुझी आई नेली रे."

तात्पर्य: भ्यालेल्या जिवाला जो वेळेवर सोडतो, त्याच्याच हाती तो विश्वासानं परत येतो.